नामरूप मिथ्या, मग तक्ता कशासाठी?

चाकण एमआयडीसीतल्या एखाद्या लघुउद्योगात सर्व्हरची डिस्क एमबीआर या विभागनोंदीच्या जुन्या पद्धतीवरून जीपीटी या नव्या पद्धतीवर न्यायची, तर त्यासाठी सुट्टीचा दिवस गाठतात. यंत्रं बंद, बॅकअप तपासून बाजूला ठेवलेला. विंडोजवर एमबीआरटूजीपीटी हे साधन आधी ‘व्हॅलिडेट’ म्हणून चालवायचं. ते निर्धोक पार पडलं की ‘कन्व्हर्ट’. एवढी मोठी डिस्क, पण काम चटकन आटोपतं. कारण ड्रॉइंग, चलनं, पगारपत्रकं जवळजवळ जागची हलतच नाहीत. बदलतो तो विभागांचा तक्ता.

१९८३ साली पीसी-डॉस २.० बरोबर आलेल्या एमबीआरमध्ये हा तक्ता पहिल्या ५१२ बाइटांच्या सेक्टरमधल्या अवघ्या ६४ बाइटांत बसतो. नोंदी चारच, पत्ते ३२ बिटांचे. त्यामुळे साधारण दोन टेराबाइटांपलीकडची जागा त्याच्या हिशेबातच येत नाही. ते ६४ बाइट पुसले गेले, तर सगळी माहिती जिथल्या तिथे असूनही संगणक डिस्क कोरी दाखवतो.

मग खरं काय, माहिती की तिचा तक्ता, म्हणजेच वस्तू की तिचं नामरूप?

मायावादाचं ढोबळ उत्तर ठरलेलं आहे: वस्तू सत्य, नामरूप मिथ्या. पण चाकणच्या शेजारी, आळंदीत १२९६ साली समाधी घेतलेल्या ज्ञानेश्वरांनी ‘अमृतानुभवा’त निराळी वाट धरली. या ग्रंथातलं सर्वांत मोठं प्रकरण अज्ञानखंडनाचं आहे. त्यांच्या लेखी जग हा चैतन्यावरचा भ्रमाचा पडदा नव्हे. चैतन्यच दृश्य होतं आणि स्वतःला पाहतं.

डिस्कचा तक्ता या मताच्या बाजूने उभा राहतो. तो बाहेरून डकवलेला नाही. पगारपत्रक ज्या डिस्कवर, तिच्यावरच त्याचा ठावठिकाणा, दोन्ही बिटच. डिस्कला जाणीव नाही, म्हणून दृष्टान्त इथेच थांबतो. तरी नामरूप बदलतं एवढ्यावरून ते खोटं ठरत नाही, हे त्यातून स्पष्ट दिसतं.

जीपीटी तर तक्त्याची दुसरी प्रत डिस्कच्या शेवटी ठेवतो, चेकसमने नोंदी पडताळतो आणि जुन्या प्रोग्रॅमांनी डिस्क रिकामी समजू नये म्हणून पहिल्या सेक्टरमध्ये संरक्षक एमबीआरही लिहितो. रूपाची इतकी जपणूक योग्यच आहे. सात तारखेच्या आत पगार व्हायचा, तर कामगाराचा ओव्हरटाइम याच तक्त्यातून सापडावा लागतो.