एका नावाचा अर्थ

गेल्या वर्षी लातूरास एका बारशाला जाण्याचा योग आला. मुलीचा पिता आमचा जुना विद्यार्थी. नांदेडास आमच्याजवळ शिकून तो आता लातूरच्या एका शाळेत अध्यापन करतो. बारशाच्या आठ दिवस आधी त्याने दूरध्वनीवरून विचारले होते, "सर, 'अमाया' असे नाव मनात आहे. अर्थ चांगला आहे ना?" आम्ही म्हणालो, "माया म्हणजे कपट. जिच्या ठायी कपट नाही ती अमाया. उत्तम नाव आहे." हे उत्तर खोटे नव्हते, परंतु ते अपुरे होते, आणि अपुरे आहे हे देतानाच आम्हांस ठाऊक होते. त्या अपुरेपणाचा जो परिणाम झाला त्याने आम्हांस विचारात पाडले, म्हणून हा लेखनप्रपंच.

'अमाया' हा शब्द दिसण्यात संस्कृत असला, तरी मुलीचे नाव म्हणून त्याचा प्रसार झाला तो स्पेन देशातून. त्या देशाच्या उत्तरेस बुर्गोस प्रांतात अमाया नावाचे खेडे आहे व त्याच्या डोक्यावर त्याच नावाचा भला मोठा खडक आहे. ५७४ साली लिओविगिल्ड नामक व्हिसिगॉथ राजाने हे ठाणे जिंकून घेतले. गावाच्या नावाची व्युत्पत्ती वादग्रस्त आहे. कित्येक पंडित ती 'आई' ह्या अर्थाच्या एका अतिप्राचीन शब्दाशी जोडतात. पण पिरेनीज पर्वताच्या पश्चिम अंगास जे बास्क लोक राहतात, त्यांच्या भाषेत ह्याच उच्चाराच्या शब्दाचा अर्थ 'शेवट' असा होतो. ही बास्क भाषा मोठी विलक्षण आहे. तिचे शेजारच्या कोणत्याही भाषेशी नाते लागत नाही. संस्कृताशी तर नाहीच नाही. फ्रान्सिस्को नावारो विल्योस्लादा ह्या ग्रंथकाराने आठव्या शतकातील बास्क लोकांवर एक कादंबरी लिहिली. ती १८७९ साली ग्रंथरूपाने निघाली आणि तिच्या नायिकेचे नाव अमाया. तेव्हापासून तिकडच्या घराघरांतून मुलींना हे नाव मिळू लागले. १९२० साली बिल्बाओ शहरी त्या कथेवर एक संगीत नाटकही झाले. तेथून समुद्र ओलांडून ते अमेरिकेत गेले, आणि अलीकडे पुण्यामुंबईच्या सुशिक्षित कुटुंबांतून फिरत फिरत मराठवाड्यात येऊन पोहोचले. नावांना पारपत्र लागत नाही, हे एक बरे आहे.

बारशाच्या दिवशी आत्याने मुलीच्या कानात नाव सांगितले, बायकांनी तिच्या पाठीत हलक्या चापट्या मारल्या, घुगऱ्या वाटल्या गेल्या. इतक्यात परदेशी राहून आलेले एक आप्त सहज म्हणाले, "तिकडे ह्या शब्दाचा अर्थ शेवट असा आहे." त्यावर पुरुषांच्या पंगतीतून कोणी उद्गारले, "मग अगदी योग्य नाव! तिसरी मुलगी. आता शेवटच." हशा पिकला. बाळंतिणीने मात्र मान खाली घातली. पुढे निरोप घेताना तिने हळूच विचारले, "सर, तुम्हांला हे माहीत होतं?" आम्ही होय म्हणालो. ती क्षणभर थांबून म्हणाली, "मग ह्यांनाही असेल." ह्या तीन शब्दांत किती संशय साठला होता, हे वाचकांस सांगावयास नकोच.

आता, नावाला अर्थ असतो तरी काय? जॉन स्टुअर्ट मिल ह्याने १८४३ साली तर्कशास्त्रावर जो ग्रंथ प्रसिद्ध केला त्यात असे प्रतिपादन आहे की, विशेषनाम ही नुसती खूण होय. तिने वस्तू दाखवली जाते, वस्तूचा गुण सांगितला जात नाही. डार्टमथ हे गाव डार्ट नदीच्या मुखाशी वसले म्हणून त्यास ते नाव पडले. उद्या नदीचे मुख सरकले म्हणून गावाचे नाव बदलणार नाही. लातूरचेही तसेच. राष्ट्रकूट राजे स्वतःस 'लट्टलूरपुरवराधीश्वर' म्हणवीत, आणि ते लट्टलूर म्हणजेच आजचे लातूर असे बहुतेक मानतात. पण बाजारात तूर विकावयास आलेल्या शेतकऱ्यास त्याचे काय? आम्ही वर्गात हे मत वर्षानुवर्षे शिकवले, आणि त्या दिवसापर्यंत आम्हांस ते पुरतेही.

मिलचे म्हणणे व्यवहारात बरेचसे खरे ठरते, ही गोष्ट नाकारता येत नाही. स्पेनमध्ये मुलींना डोलोरेस असे नाव ठेवतात. आपल्या गोव्यातील ख्रिस्ती कुटुंबांतही ते आढळते. त्याचा शब्दार्थ 'दुःखे' असा असून ते मेरीमातेच्या दुःखांवरून घेतलेले आहे. पण त्या नावाने हाक मारताना कोणासही दुःख आठवत नाही. आपल्याकडे तर याहून नवल. ज्या घरी मुले जगत नसत, त्या घरी नव्या मुलास दगडू, धोंडू, केरबा अशी नावे ठेवीत, ती एवढ्याचसाठी की मृत्यूची त्यावर दृष्टी पडू नये. शब्द दगडाचा, भाव मात्र काळजाचा! ह्याच्या अगदी उलट नाव 'नकोशी'. साताऱ्याकडे मुलगा हवा असता मुलगीच झाली म्हणजे हे नाव ठेवीत. तेथे शब्द आणि भाव ह्यांत तिळाएवढेही अंतर नाही. २०११ साली सातारा जिल्ह्यात अशा २८५ मुलींना समारंभपूर्वक नवी नावे देण्यात आली. विशेषनाम जर केवळ खूणच असती, तर त्या समारंभाचे प्रयोजन काय होते?

आमच्या मते मिलची चूक दृष्टान्तात आहे. गाव आपल्या आईला विचारीत नाही की, मला हे नाव का ठेवले. मूल विचारते. पाचसहा वर्षांचे झाले की प्रत्येक मूल हा प्रश्न एकदा तरी करते, आणि त्यास घरातून जे उत्तर मिळते तोच त्याच्या नावाचा अर्थ होऊन बसतो. कोशातील अर्थ त्यापुढे लंगडा पडतो. दगडूस उत्तर मिळे, 'तू जगावास म्हणून.' नकोशीस उत्तर देण्याचे कोणास धैर्य नसे, आणि न दिलेले उत्तर तिला बरोबर समजे.

ह्या दृष्टीने पाहता आमचा अपराध लहान नाही. आम्ही विद्यार्थ्यास कोशातला सोयीचा अर्थ दिला आणि उरलेला दडवला. तो अशासाठी की त्याचा उत्साह मोडू नये. ज्या घरात दोन मुली आधीच आहेत आणि नातलगांची तोंडे मोकळी आहेत, त्या घरात 'शेवट' हा अर्थ कोणत्या कानांनी ऐकला जाईल, याचा आम्ही विचार केला नाही. नाव ठेवणारा एक असतो, नावे ठेवणारे पुष्कळ असतात. मुलगी राहणार त्या पुष्कळांत. निष्कपटपणाच्या नावाचा अर्थ सांगताना आम्हीच थोडे कपट केले, ही गोष्ट मनातून जात नाही.

पंधरा दिवसांनी आम्ही पुन्हा लातूरास गेलो आणि दोघांसमोर सगळे सांगितले : खडक, कादंबरी, 'शेवट', 'आई', आणि आमचे मौन. विद्यार्थ्यास बास्क अर्थ खरोखरच ठाऊक नव्हता. त्याने कबूल केले की, त्यास नाव कानाला गोड लागले, एवढेच; अर्थ नंतर शोधला. पत्नी ऐकत होती. ती म्हणाली, "उद्या हिनं विचारलं तर काय सांगू?" आम्ही म्हटले, "झाले ते सगळे सांगा. बाबांना गोड वाटले, हे आधी सांगा." तिचे पूर्ण समाधान झाले असे आम्हांस वाटले नाही, पण तिने नाव बदलण्याची गोष्ट काढली नाही.

आजीची तक्रार निराळीच होती. तिच्या मराठीत माया म्हणजे कपट नव्हे, जिव्हाळा. "माया नाही असलं नाव ठेवतेत का कुठं?" असे ती आम्हांस बजावून म्हणाली, आणि आमच्या संस्कृताचा तिच्यावर काडीचाही परिणाम झाला नाही. तिने आपल्यापुरता 'अ' गाळून टाकला आहे. ती नातीस 'माये' म्हणूनच हाक मारते. आम्ही निघालो तेव्हा ती सुनेला झबल्याचे कापड दाखवीत होती : "शिवणीत माया जरा जास्त ठेव, पोर झपाट्यानं वाढतीय."