विणणारा कोण, विटाळ कुणाचा?



अलीकडे आपल्या अभ्यासवर्गांत एक विचार फिरतोय. जग म्हणजे वस्तूंचा ढीग नाही, जग म्हणजे गोष्टींचं विणकाम. देव ही गोष्ट, देश ही गोष्ट, पैसा ही गोष्ट, जात ही पण गोष्टच. गोष्टींचाच ताणा, गोष्टींचाच बाणा, आणि जे कापड तयार होतं त्याला आपण वास्तव म्हणतो. सोयीसाठी याला गोष्टवाद म्हणू. १९७९ साली ल्योतार नावाच्या फ्रेंच विचारवंताने महाकथनांवरचा विश्वास उडाला असं मांडलं, तेव्हापासून विद्यापीठांत या सुराला भाव आला. आता आपली पोरंही त्या सुरात बोलतात. म्हणून हा कागद काळा करतोय.

पहिल्यांदा ऐकलं की हा विचार आपलाच वाटतो. वाटणारच. कुणाच्या तोंडातून बामण निघाला, पायातून शूद्र निघाला, ही गोष्ट नाही तर काय आहे? आणि आपण तर त्या पायातही नव्हतो. एका गोष्टीने हजारो वर्षं माणसाला गावाबाहेर ठेवलं. जोतीरावांनी हे ओळखलं होतं. १८७३ च्या 'गुलामगिरी'त त्यांनी एकेक अवतार घेतला आणि उलटा करून दाखवला; पाताळात गाडलेला बळी रयतेचा राजा म्हणून उभा केला. जात ही दगडमातीची भिंत नसून मनात बसलेली धारणा आहे, हे बाबासाहेबांनी १९३६ सालीच मांडलं. म्हणजे गोष्टवाद्यांनी नवं काय सांगितलं? आपल्या बापजाद्यांनी हे आधीच भोगून ओळखलं होतं.

पण इथंच थांबलं तर घात आहे.

विणकामाची उपमाच घ्या. मुंबईच्या कापड गिरण्यांत साचाखात्यात पगार जास्त. पण तिथं अस्पृश्याला मज्जाव. का? तर धोट्यातली कांडी बदलली की नवा दोरा धोट्याच्या भोकातून तोंडाने ओढून घ्यावा लागायचा. दोऱ्याला थुंकी लागायची. महाराच्या थुंकीचा दोरा सवर्ण कामगाराने तोंडात कसा धरायचा? बाटेल ना तो! म्हणून आपली माणसं कमी पगाराच्या सूतकताईत. तेच सूत पुढे साच्यावर जायचं, तेव्हा ते बाटलेलं नसायचं. गिऱ्हाइकाच्या अंगावर कापड चढायचं, तेव्हाही नाही. विटाळ बरोबर तिथंच जागा व्हायचा जिथं पगार वाढायचा. १९२८ च्या संपात बाबासाहेबांनी हा प्रश्न कामगार पुढाऱ्यांपुढे रोखठोक ठेवला: सगळी खाती आमच्या माणसांना खुली करा, नाहीतर आमचा पाठिंबा धरू नका.

यातून काय निघतं? विटाळ ही गोष्ट होती, पण पगार गोष्ट नव्हता. गोष्ट हवेत तरंगत नाही. तिला कुणाचं तरी पोट धरून असतं, कुणाचा तरी हात ती राखत असतो. नुसती गोष्ट बदलून सांगितली की वास्तव बदलेल, असं गोष्टवादी म्हणतात. सांगा की! साचाखात्याच्या दारात उभं राहून रोज सांगा. दार गोष्टीने उघडत नाही, रेट्याने उघडतं.

दुसरा घात याहून वाईट. सगळंच गोष्ट असेल तर मनूचीही एक गोष्ट, आपलीही एक गोष्ट. कुणी कुणाला खोटं म्हणायचं नाही! हे ऐकायला मोठं उदार वाटतं. फायदा कुणाचा? खैरलांजीत २९ सप्टेंबर २००६ ला एका कुटुंबातली चार माणसं मारली. लगेच गावाची गोष्ट तयार: भानगड होती, सूड होता, जातीचा काही संबंध नाही. पुढे कोर्टात खून सिद्ध झाले, शिक्षा झाल्या, पण अत्याचारविरोधी कायदा टिकला नाही. चार प्रेतं खरी ठरली, जात तेवढी गोष्ट ठरली. अशा वेळी 'प्रत्येकाचं आपलं आपलं सत्य' म्हणणारा तत्त्वज्ञ नकळत मारेकऱ्याच्या वकिलाशेजारी जाऊन बसतो.

मग गोष्ट मोजायची कशी? माप आपल्याकडेच आहे, महाडला. २० मार्च १९२७ ला चवदार तळ्याचं पाणी प्यालो. गावात अफवा उठली की आता हे वीरेश्वराच्या देवळात घुसणार. त्या एका गोष्टीवर आपल्या माणसांची डोकी फुटली. मग शेण-गोमूत्र घालून तळं शुद्ध केलं. मग सवर्ण कोर्टात गेले. त्यांची गोष्ट अशी: अनादी काळापासून या तळ्यावर अस्पृश्यांना बंदी आहे. बाबासाहेब दहा वर्षं लढले. १७ मार्च १९३७ ला मुंबई हायकोर्टाने निकाल दिला की अशी अनादी वहिवाट सिद्ध झालेली नाही. 'अनादी' या शब्दाकडे कुणी पुरावा मागितला, आणि त्याच्याजवळ पुरावा नव्हता!

हे माप दुहेरी आहे. गोष्ट प्रश्नाला उभी राहते का? आणि ती माणसाला पाणी देते की त्याच्यापुढचं पाणी काढून घेते? पहिल्या प्रश्नाशिवाय दुसरा भाबडा होतो. दुसऱ्याशिवाय पहिला कोरडा.

आणि हे माप आपल्याही गोष्टींना लावायचं, दोस्तहो. बाबासाहेबांनी लावलं. म्हातारा, रोगी, प्रेत पाहून सिद्धार्थ घराबाहेर पडला, ही गोष्ट बौद्ध जगात किती लाडकी! पण एकोणतीस वर्षांच्या माणसाने तोवर हे पाहिलंच नव्हतं, हे बुद्धीला पटत नाही, म्हणून त्यांनी ती नाकारली. १९५७ साली छापून आलेल्या 'बुद्ध आणि त्यांचा धम्म'मध्ये सिद्धार्थ घर सोडतो तो रोहिणी नदीच्या पाण्यावरून शाक्य-कोलीय लढाई टाळायला. श्रद्धेच्या गोष्टीलाही त्यांनी सूट दिली नाही.

मग आपण का द्यायची? भीमा कोरेगावचं घ्या. ५०० विरुद्ध २८ हजार, आणि २८ हजार कापून काढले, असं स्टेजवरून ठोकून दिलं जातं. पेशव्याची सगळी फौज १ जानेवारी १८१८ ला लढायला उतरली नव्हती, आणि कंपनीच्या तुकडीत इतर जातीधर्मांचे शिपाईही होते. स्तंभावर मात्र २२ महार शिपायांची नावं कोरलेली आहेत. दगडात. ज्यांना तलवार धरायची लायकीच नाही म्हटलं गेलं, त्यांची. ही नावं पुरेशी आहेत. त्यांना फुगवलं की विरोधक आकड्यावर बोट ठेवतो आणि नावंही पुसायला निघतो.

म्हणून कापडाच्या उपमेवर भाळू नका. गावात जा. सातबारा काढा, एफआयआरची नक्कल मागा, पाणवठा कुणाच्या नावावर आहे ते पाहा, म्हाताऱ्यांचं बोलणं तारखेनिशी लिहून घ्या. ते आपल्याला सोयीचं असो वा नसो, लिहा. ज्यांच्याकडे सत्ता आहे त्यांना गोष्टींवर भागतं. ज्यांच्याकडे काहीच नाही, त्यांना खरं सोडून चालत नाही.

जय भीम.