एकाच एसटीतले दोघं

खर्ड्याजवळच्या एका गावात रात्री एका शेतकऱ्याच्या घरातून दागिने गेले. संशय गावातल्याच मजूर पोरावर आला. कोर्टाने जामीन मंजूर केला, पण पोराला जामीनदार मिळेना. ते कच्चा कैदी म्हणून आतच राहिलं.

त्या रात्री पोर लांबच्या वाड्यावर मेंढ्या राखत होतं, हे एका म्हाताऱ्या धनगराला ठाऊक होतं. त्याच्या साक्षीची पाळी मात्र येईना. कधी पंच गैरहजर, कधी आरोपीला आणायला पोलीस नाहीत, कधी साहेबांची बदली. दोन वर्षं नुसत्या तारखा पडल्या.

तारखेला शेतकरी आणि पोराची आई एकाच एसटीने जामखेडला जात. एकमेकांकडे बघतही नसत. एकदा गर्दीत शेजारी बसावं लागलं.

"भाऊ, माझं लेकरू चोर असंल तर शिक्षा होऊ द्या," आई म्हणाली, "पण एकदाचं ठरू तरी द्या. धनगरबाबा थकलाय. उद्या त्याला आठवलंच नाही तर?"

पोर आत आहे म्हणजे आपलं काम झालं, असं शेतकरी धरून चालला होता. पोर चोर नसेल तर खरा चोर दोन वर्षं मोकळा फिरतोय, हे त्याच्या ध्यानातच आलं नव्हतं.

खटला लांबला की काय होतं, हे नगर जिल्ह्याने फार जवळून पाहिलंय. नोव्हेंबर 2017 मध्ये नगरच्या न्यायालयात दोन निकाल लागले. कोपर्डीतल्या शाळकरी मुलीवरच्या अत्याचाराची आणि खुनाची घटना जुलै 2016 ची. सोळा महिन्यांत तिघांना फाशीची शिक्षा झाली. खर्ड्यातल्या शाळकरी मुलाचा खून एप्रिल 2014 मधला. साडेतीन वर्षांत अनेक साक्षीदार फितूर झाले आणि आरोपी निर्दोष सुटले. साक्षीदार फिरण्याची कारणं अनेक असतात. पण भीतीला आणि आमिषाला काम करायला वेळ लागतो, आणि तो वेळ लांबलेला खटलाच देतो.

आईचं म्हणणं शेतकऱ्याला पटलं. दोघं मिळून पोराच्या वकिलाकडे गेले. वकील विधी सेवा समितीने दिलेले, तरुण, पण पक्के. ते म्हणाले, "1979 मध्ये बिहारच्या कच्च्या कैद्यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने जलद खटला हा घटनेच्या 21व्या कलमातला हक्क ठरवला. 1991 मध्ये माजी मुख्यमंत्री अंतुल्यांच्या खटल्यात तो तपासापासून अपिलापर्यंत लागू असल्याचं सांगितलं. माजी मुख्यमंत्र्याला जो हक्क, तोच या पोराला. आणि साक्षी सुरू झाल्या की रोजच्या रोज चालवाव्यात, असं कायदाच म्हणतो."

वकिलांनी अर्ज दिला. शेतकऱ्याने सरकारी वकिलांना सांगितलं, "साहेब, आमचाही याला पाठिंबा आहे. आम्हाला निकाल हवाय."

सुनावणी सलग चालली. धनगरबाबाने काठी टेकत, पण ठाम आवाजात सगळं सांगितलं. उलटतपासणीतही तो डगमगला नाही. पोर निर्दोष सुटलं.

दुसऱ्या दिवशी शेतकरी पोलीस ठाण्यात गेला आणि पुढच्या तपासाचा अर्ज दिला. त्या रात्री गावात कोण कोण होतं, हे सांगायला पोराची आईही सोबत होती.