स्वरांची जन्मतिथी

‘रेडिओहेड’ या रॉकवृंदातील गिटारवादक जॉनी ग्रीनवुड यांनी २००७ च्या ‘देअर विल बी ब्लड’ या चित्रपटास संगीत दिले. त्यात त्यांचीच २००५ सालची वाद्यवृंदरचना अंशतः आल्याने ते ऑस्करसाठी अपात्र ठरले. पार्ट आणि ब्राह्म्स यांच्याही रचना त्यात होत्या. स्पर्धेला मोजमाप हवे, हेही मान्य. परंतु आपलेच धन पुन्हा वापरणे ही उसनवारी काय? भास्करबुवांनी ‘स्वयंवर’ (१९१६) नाटकातील कित्येक पदे जुन्या चिजांवरच बांधली होती! त्या उजाड माळावर तंतुवाद्यांचे घसरते स्वर ऐकताना ते तेथेच उपजले असे वाटते. मग नवेपण रचनेच्या जन्मतिथीत पाहावे, की तिला लाभलेल्या स्थानात? मी दुसऱ्या पक्षाचा. पुढे २०१७ च्या ‘फँटम थ्रेड’साठी ग्रीनवुड यांना नामांकन मिळाले.