दोन नांवांचा मुलगा

गरिबाचा मुलगा मोठ्या विद्यापीठांत गेला म्हणजे आपण त्याचें अभिनंदन करतों. त्यानें घराशीं तोडलें कीं राखलें, हें मात्र त्याच्या एकट्याच्या शीलावर सोंपवितों. हें न्याय्य आहे काय?

रेमंड विल्यम्स हा वेल्सच्या सरहद्दीवरील पँडी गांवच्या रेल्वे-सिग्नलमनचा मुलगा. १९३९ सालीं तो केंब्रिजच्या ट्रिनिटी कॉलेजांत दाखल झाला. विद्यापीठानें आपण दडपून गेलों नाहीं, असें त्यानें १९५८ सालच्या एका निबंधांत सांगितलें आहे. सलली ती तेथील चहाच्या दुकानांतली मंडळी. त्यांची विद्या बेताचीच, परंतु वागण्याबोलण्यांतील बारीकसारीक फरक हीच त्यांच्या लेखीं संस्कृति! असलीं दुकानें केंब्रिजांतच असतात, असें समजण्याचें कारण नाहीं.

१९६० सालीं निघालेल्या त्याच्या 'बॉर्डर कंट्री' कादंबरींतील अध्यापक लंडनांत मॅथ्यू असतो, तर गांवीं विल. आजारी बापाला भेटावयास तो येतो, तो कोण म्हणून? हें ढोंग आहे, असें कोणी म्हणेल. मला तसें वाटत नाहीं. ज्या विद्येसाठीं आईबापांनीं धाडलें ती घेऊन परतावें, तर तो परका ठरतो. न घेतां परतावें, तर त्यांचे कष्ट व्यर्थ. विद्येच्या दारावर रीतिभातीचा पहारा ज्यांनीं बसविला, त्यांचा हा अपराध आहे. बापाची लाज वाटूं देणें, एवढेंच काय तें मुलाच्या पदरीं घालतां येईल.

विल्यम्स पुढें केंब्रिजांतच प्राध्यापक झाला. वरील निबंधाचा आरंभ मात्र गांवाकडच्या डोंगरांत जाणाऱ्या बसगाडीपासून होतो.