न बांधलेली भिंत

धुळ्याहून नंदुरबारच्या दिशेनें जाणाऱ्या प्रवाशास सपाट रानांतून मध्येंच एखादी काळसर दगडी रांग सरळ रेषेंत धांवतांना दिसते. दुरून पाहणारास ती कोणा विस्मृत राजाच्या कोटाची भिंतच भासावी. परंतु ती कोणींही बांधलेली नाहीं. सुमारें ६.६ कोटी वर्षांपूर्वीं ज्या युगांत दख्खनवर लाव्ह्याचे थर पसरले, त्याच युगांत जमिनीच्या उभ्या भेगांत तप्त रस शिरून गोठला. पुढें भोंवतालचा खडक झिजत गेला. आणि जेथें भेगेंतील दगड अधिक कठीण होता, तेथें तो भिंतीसारखा उभा राहिला. भूगर्भशास्त्रज्ञ यास ‘डाइक’ म्हणतात. या प्रदेशांत असे दोनशेंहून अधिक डाइक नोंदले गेले असून, त्यांतील सर्वांत लांब सुमारें ७९ किलोमीटर आहे.

भिंत दिसली कीं मन बांधणाराचा शोध घेऊं लागतें. जळगांव जिल्ह्यांत अडावदजवळ उनपदेव येथें गरम पाण्याचा झरा आहे. शरभंग ऋषींच्या व्याधीवर उपाय म्हणून श्रीरामानें बाण मारून तो उत्पन्न केला, अशी लोककथा आहे. शास्त्र सांगतें कीं पाणी खोल मुरतें, भूगर्भाच्या उष्णतेनें तापतें व भेगेवाटे वर येतें. आयर्लंडच्या किनाऱ्यावरील काळ्या खडकाच्या खांबांनाही तेथील लोकांनीं एका राक्षसाचा मार्ग ठरविलें आहे.

अशा कथांस हंसणें सोपें आहे. तथापि त्या एक नैतिक कार्य करीत आल्या आहेत, हें विसरतां कामा नये. ज्या वस्तूस कर्ता मिळतो, तिला राखणदारही मिळतो. रामाच्या बाणाचें पाणी कोणी सहसा नासवीत नाहीं. शास्त्रानें कर्ता दूर केला म्हणजे वस्तु बेवारस होते काय? जें कोणींच बांधलें नाहीं, तें फोडण्याचा अधिकार कोणासही पोंचतो काय?

याच धुळ्यांत इतिहासाचार्य राजवाडे सन १९२६ मध्यें निवर्तले. दुसऱ्याच वर्षीं त्यांच्या नांवानें संशोधन मंडळ स्थापन झालें. तेथें जीर्ण कागदाचा कपटाही जपला जातो. कारण त्यामागें कोणा माणसाचा हात आहे. दगडी रांगेमागें हात नाहीं, म्हणून काळा कातळ दिसतांच आपणांस प्रथम खडीचा हिशेब सुचतो.

या हिशेबाची बाजूही खोटी नव्हे. गांवास रस्ता हवा, शाळेस पाया हवा, आणि खाणीवर राबणाऱ्या मजुराच्या घरीं चूल पेटली पाहिजे. उपाशी माणसापुढें दगडाचें माहात्म्य गाणें हा पोट भरलेल्यांचा विलास होय. कोणी असेंही म्हणेल कीं, कांहीं डाइक भूजलाची वाट अडवितात, कांहीं भेगाळलेले असल्यानें तें वाहून नेतात. यास्तव विहिरींच्या हितासाठीं ते राखावे. हा युक्तिवाद योग्य आहे, पण पुरेसा नाहीं. उपयोगासाठीं राखलेली वस्तु अधिक मोठा उपयोग दिसतांच मोडली जाते.

खरें उत्तर मला दुसरीकडे दिसतें. माणसानें बांधलेली भिंत पडली, तर माणूस ती पुन्हां बांधूं शकतो. ही भिंत मात्र पुन्हां उभी करण्याइतका अग्नि आपल्याजवळ नाहीं, आणि तितका काळही नाहीं. ज्याची भरपाई करणें आपल्या हातीं नाहीं, त्याच्या नाशाचा अधिकार आपण कोणत्या तोंडानें सांगावा? बांधणारा नाहीं म्हणून कर्तव्य कमी होत नाहीं. उलट तें वाढतें. काळा दगड या मुलखांत विपुल आहे. खडी अन्यत्र मिळेल, मजुरीही तेथें मिळेल. परंतु ही रांग दुसरीकडून आणतां येणार नाहीं.

कथेनें जें काम रामाच्या नांवानें केलें, तें ज्ञानानें आपल्या नांवानें केलें पाहिजे. ज्याला कर्ता नाहीं, त्याचा सांभाळ त्यास ओळखणाराकडे येतो. या सबंध सृष्टींत, कळतें तेथवर, त्या भिंतीचें वय सांगूं शकणारा प्राणी एकच आहे. तेव्हां ती जबाबदारी दुसऱ्या कोणावर टाकण्याची सोय नाहीं.