पारा नसलेले नाव

शंभर भाग कच्च्या रबरात जेमतेम एक भाग जी फिकट पिवळी, कडवट भुकटी गंधकासमवेत मिसळली असता तासांचे वल्कनीकरण मिनिटांवर येते, तिचे दप्तरी नाव 'मरकॅप्टोबेन्झोथायाझोल'. यातला 'मरकॅप्टन' हा शब्द डॅनिश रसायनज्ञ झाइझे याने घडविला. अर्थ 'पाऱ्याला पकडणारा', आणि रबराच्या त्या लगद्यात पाऱ्याचा तर थेंबही नसतो! 'बेन्झो'च्या मुळाशी अरबी 'लुबान जावी', म्हणजे जावाचा ऊद, दरवळतो. 'अझोल'मध्ये फ्रेंच रसायनज्ञ लाव्हाझिए याने नायट्रोजनला दिलेले 'निर्जीव' हे बिरूद दडले आहे, ज्या नायट्रोजनावाचून, गंमत अशी की, एकही जीव जगत नाही.

असे नाव कोणत्या जातीचे, हे ठरवायला न्यायशास्त्रातील शब्दांचे वर्गीकरण कामी येते. नैयायिकांच्या मते 'पाचक' (स्वयंपाकी) यौगिक, कारण अवयवांनीच अर्थ कळतो. 'पंकज' योगरूढ, कारण चिखलात बेडूकही जन्मतो, तरी पंकज म्हणजे कमळच. मग या नावाची वर्णी कोठे लावावी? रसायनज्ञाला ते निखळ यौगिक वाटेल, कारण त्यावरून तो रेणूची आकृती कागदावर उतरवितो. परंतु ज्या मूळ अर्थांवर हे अवयव उभे आहेत ते केव्हाच लोपले असल्याने, माझ्या मते, ही यौगिकता रूढीच्याच पायावर उभी आहे. कामगार तर 'एमबीटी' एवढेच म्हणतो, आणि पोते अचूक उघडतो.